जातं गेलं, ओव्या राहू द्या

गावात पिठाची गिरणी आली आणि बायकांची पहाट सुटली. त्याआधी कोंबडा आरवायच्या आत उठून, एका हाताने खुंटा ओढत नि दुसऱ्याने मूठमूठ ज्वारी घालत घरभराचं पीठ काढावं लागे. ते कष्ट गेले, फार बरं झालं. त्यांचे गोडवे गाणं आम्हांला पटत नाही.

पण त्याच जात्यापाशी बाईने मन मोकळं केलं होतं. माहेर, भाऊ, सासुरवास, विठ्ठल, पुढे बाबासाहेब आंबेडकरही तिच्या ओवीत आले. लोकगीतांचे अभ्यासक हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ यांनी गावोगावी अशा एक लाखाहून अधिक ओव्या जमवल्या. केवढं मोठं काम!

आता हळदीला हॉलमध्ये रंगवलेलं जातं येतं. पाच जणी खुंट्याला हात लावतात, फोटो निघतो. गाणं मात्र स्पीकरवर. वस्तू जपली, आवाज हरवला.

तुमच्या घरी दळताना गायलेली आजी असेल, तर याच आठवड्यात मोबाइलवर तिच्या ओव्या रेकॉर्ड करा. तिचं गाव, ती कुणाकडून शिकली, हेही विचारा. आमच्याकडे पाठवा, निवडक ओव्या गाणारणीच्या नावासह छापू.