कोथिंबिरीचं इंजिनिअरिंग

धणे म्हणजेच कोथिंबिरीचं बी, हे मला वयाच्या एकोणिसाव्या वर्षी कळलं. हसू नका! कॉन्व्हेंटमध्ये ‘कोरिअँडर’चं लॅटिन नाव पाठ केलं होतं, पण मसाल्याच्या डब्याशी त्याचा संबंध कधी जोडलाच नव्हता. आणि अशी मी मामीला कोथिंबीर लावायला शिकवायला निघाले होते. का? तर मी इंजिनिअर होणार होते ना!

माझा मामा नोकरीनिमित्त लेहला असतो. उंची सुमारे ३,५०० मीटर. जानेवारीत रात्रीचं तापमान उणे पंधराच्या आसपास, कधी त्याहूनही खाली. बाहेर महिनोन्महिने हिरवं पान दिसत नाही. “पोहे करते गं, पण वर भुरभुरायला काही नसतं,” मामी एकदा फोनवर म्हणाली आणि गप्प झाली. प्रश्न नुसता पोह्यांचा नव्हता, एवढं मलाही कळलं.

मग आजीने वाढदिवसाला दिलेले पैसे मोडून मी एलईडीचा ग्रो-लाइट, ट्रे आणि टायमर पाठवून दिला. फोनवरून सूचनाही दिल्या : “ट्रे बुखारीजवळ ठेव, झाडांना ऊब लागते.” डिसेंबरच्या सुट्टीत तिथे पोहोचले, तर ट्रेमध्ये कोथिंबिरीऐवजी आडवे पडलेले पांढरट दोरे! ऊब भरपूर आणि उजेड अपुरा असला की रोप उजेड शोधत नुसतं लांबत जातं. त्यात बुखारीची कोरडी हवा माती सुकवायची आणि रात्री बुखारी विझली की सगळं गारठायचं. मामी बिचारी म्हणाली, “माझंच काहीतरी चुकलं असेल.” चुकलं होतं माझं.

शेजारच्या अबी-ले, म्हणजे लडाखी आजी, यांच्या खिडकीत मात्र तेलाच्या जुन्या डब्यांत कोथिंबीर आणि पुदिना चक्क डोलत होते. त्यांना मराठी येत नव्हतं आणि माझं हिंदी यथातथाच. त्यांनी फक्त बोट दाखवलं, सूर्याकडे.

वहीच्या मागच्या पानावर मी गणित मांडलं. लेहचा अक्षांश ३४. डिसेंबरअखेरीस भर दुपारी सूर्य क्षितिजापासून जेमतेम साडेबत्तीस अंश वर असतो. म्हणजे दक्षिणेच्या खिडकीतून ऊन खोलीत खूप आतपर्यंत येतं, आणि लेहला उन्हाची कमी नाही. अडचण रात्रीची. काच थंड पडते आणि तिला टेकलेली पानं गोठतात. म्हणून अबी-ले संध्याकाळी डबे काचेपासून मागे सरकवतात, मध्ये जाड घोंगडी सोडतात आणि शेजारी पाण्याचे काळे डबे ठेवतात. दहा लिटर पाणी दहा अंशांनी थंड होताना जेवढी उष्णता सोडतं, तेवढी द्यायला शंभर वॉटचा हीटर सत्तर मिनिटं चालवावा लागेल. हीट ट्रान्सफरच्या पेपरात मला बरे मार्क होते. ते आजींच्या खिडकीत काही आठवले नाहीत!

बाकीही शिकले. धणे हलके रगडून दोन भाग करून पेरायचे. डबा निदान सहा इंच खोल हवा, कारण मूळ सरळ खाली जातं. रोप उपटून दुसरीकडे लावायचं नाही. पाणी दुपारी, कोमट आणि बेताचं. पुदिन्याची काडी पेराखाली कापून पाण्यात ठेवली की मुळं फुटतात. बेसिलचा हट्ट सोडायचा, ते दहा अंशांखाली मान टाकतं.

हे शहाणपण एका आजींचंच आहे असंही नाही. लडाखमध्ये जमिनीत तीनेक फूट खड्डा खणून, वर प्लॅस्टिक ताणून हिवाळ्यात भाजी काढतात. डीआरडीओची लेहमधली प्रयोगशाळा अशा शेतीवर वर्षानुवर्षं काम करते आहे. १९८८ साली सुरू झालेल्या सेकमॉल संस्थेच्या फे गावाजवळच्या इमारती तर हिवाळ्यात दक्षिणेला ग्रीनहाउस जोडून उन्हावरच उबदार ठेवतात.

आता माझं मत. आपल्याकडे सेन्सर लावला की प्रोजेक्ट ‘स्मार्ट’ होतो. आपण आधी किट विकत घेतो आणि मग त्याला शोभेल असा प्रॉब्लेम शोधत बसतो. एलईडीला माझा विरोध नाही. उत्तरेकडच्या अंधाऱ्या खोलीत त्याच्याशिवाय गत्यंतर नाही. पण मामीच्या घराला दक्षिणेची खिडकी आहे का, हे मी विचारलंच नव्हतं. एका प्रश्नाने काम झालं असतं, आणि तो फुकट होता! ज्याचा प्रॉब्लेम आहे त्याच्या घरी जाऊन तासभर बसायचं, हे कोणत्याच सिलॅबसमध्ये नाही. माझ्या मते पहिलं प्रॅक्टिकल तेच असायला हवं.

निघण्याआधी मी आणि मामीने मिळून चार डबे पेरले. फेब्रुवारीत तिने फोनवर फोटो पाठवला. कोथिंबीर एवढी घातली होती की खाली पोहे आहेत हे सांगावं लागलं.

— तृतीय वर्ष, यंत्र अभियांत्रिकी