आचारांगातला प्रश्न सुरतेच्या गिरण्यांनाही आहे

सुरतेच्या गोपीपुऱ्यात जैनांचे आगम मंदिर आहे. आचार्य सागरानंदसूरींच्या प्रेरणेने तिथे श्वेतांबर परंपरेचे 45 आगम, म्हणजे धर्मग्रंथ, तांब्याच्या पत्र्यांवर कोरून ठेवले आहेत. त्यांतले पहिले अंग म्हणजे आचारांग सूत्र. याच शहरात दीक्षेचे मोठे समारंभ होतात, वरघोड्यांच्या मिरवणुका निघतात आणि संसार सोडणाऱ्याचा जयजयकार होतो. त्या दीक्षार्थीने पुढे कसे चालावे, काय खावे, कुठे राहावे, हे आचारांग सांगते. म्हणून हा साधूंचा ग्रंथ, अशी आपली समजूत झाली आहे. ती अपुरी आहे. या ग्रंथाचा आरंभ ज्या विचाराने होतो, त्याची सर्वाधिक गरज आज सुरतेसारख्या उद्योगनगरीला आहे.

‘शस्त्रपरिज्ञा’ या पहिल्या अध्ययनात माती, पाणी, अग्नी, वनस्पती, हालचाल करणारे प्राणी आणि वारा यांतल्या जीवांचा विचार केला आहे. माणूस त्यांची हिंसा का करतो, याची कारणेही तिथे सांगितली आहेत. जगण्यासाठी आणि दुःख टाळण्यासाठी तो हिंसा करतोच. पण कौतुक, मानसन्मान आणि पूजा यांसाठी, इतकेच नव्हे तर जन्ममरणातून सुटण्यासाठीही करतो. धर्माच्या नावाने झालेल्या हिंसेलाही या ग्रंथाने सूट दिलेली नाही. त्याची जबाबदारीची कल्पना तर आणखी कठोर आहे. स्वतः करणारा, दुसऱ्याकडून करवून घेणारा आणि केलेल्याला अनुमोदन देणारा, असे तिघेही त्या कर्माचे धनी ठरतात.

6 जानेवारी 2022 रोजी सुरतेजवळच्या सचिन औद्योगिक वसाहतीत एका टँकरमधून नाल्यात रसायन सोडले जात असताना विषारी वायू पसरला आणि 6 कामगारांचा जीव गेला. अशा घटनेनंतर आपली नजर टँकरवाल्यापाशी थांबते. आचारांगाच्या कसोटीवर ती तिथे थांबू शकत नाही. घातक सांडपाण्याची विल्हेवाट फुकटात लागावी असे वाटणारा कारखानदार ‘करवणारा’ असतो. स्वस्त मालामागचे कारण न विचारणारा व्यापारी आणि आपण ग्राहक अनुमोदन देणाऱ्यांत येतो. कायद्याला पुरावा लागतो, तो या साखळीच्या टोकापर्यंत क्वचितच पोहोचतो. धर्माने दिलेली ही दृष्टी मात्र पोहोचते.

यावर पहिला आक्षेप परंपरेतूनच येईल. आगमांचे अध्ययन गुरूंच्या आज्ञेने आणि विहित तप करूनच करायचे असते, ते गृहस्थाचे काम नाही. ही मर्यादा आदरणीय आहे, पण गुरुमुखातून ऐकण्याची वाट खुली आहे. एके काळी साधूंपुरते असलेले कल्पसूत्र आज पर्युषणात सर्व संघासमोर वाचले जाते. आगम हस्तलिखितांतच राहावेत असे मानणारे लोक होते, त्या काळात सागरानंदसूरींनी ते छापून घेतले. दुसरा आक्षेप विज्ञानाचा : पाण्याला आणि मातीला कसली वेदना? माती-पाण्यात जीव मानणारे हे तत्त्वज्ञान कुणाला पटो न पटो, त्यातला युक्तिवाद विचार करायला लावणारा आहे. बोलू न शकणाऱ्या माणसाला जखम केली तर तो सांगू शकणार नाही, म्हणून वेदना नाही असे ठरत नाही. तापीच्या पाण्यातला मासा आणि काठावरचा मजूर यांच्याबद्दल तर विज्ञानालाही शंका नाही.

तिसरा आक्षेप पोटाचा आहे आणि तोच सर्वांत वजनदार आहे. कापडाच्या गिरण्यांवर हजारो घरे चालतात. खान्देशातून येऊन लिंबायत-उधन्यात राहिलेली मराठी कुटुंबेही त्यांत आहेत. गिरण्या बंद करा, असे कुणी म्हणत नाही. जैन परंपरेने साधूला महाव्रते आणि गृहस्थाला त्यांहून सौम्य अणुव्रते दिली, ती संसाराच्या गरजा ओळखूनच. सांडपाणी शुद्ध करूनच सोडणे हे गृहस्थाच्या आवाक्यातले व्रत आहे. ते मोडले की पहिला बळी ज्याच्या पोटासाठी आक्षेप घेतला त्या कामगाराचाच जातो.

म्हणून सुरतेच्या संघांना विनंती आहे. येत्या चातुर्मासात शस्त्रपरिज्ञेवर जाहीर प्रवचने ठेवा. गिरणीमालक, व्यापारी आणि कामगार यांना एकत्र बोलवा. गुजरातीबरोबर मराठीतही अर्थ सांगा. दीक्षेच्या मिरवणुकीत जयजयकार करणाऱ्या प्रत्येकाने आपल्या धंद्याला एकदा तरी हे तीन प्रश्न विचारावेत : मी काय करतो, काय करवून घेतो आणि कशाला मान डोलावतो?