सागर : एका नावाच्या पोटातले विष

१/
मुलांच्या नावांच्या कोणत्याही मराठी पुस्तिकेत ‘स’ या अक्षराखाली एक नोंद हमखास सापडते : सागर, म्हणजे समुद्र. नोंद चुकीची नाही, पण अपुरी आहे. या नावाच्या मुळाशी एक राजा आहे, सवतीने दिलेले विष आहे, हरवलेला घोडा आहे, साठ हजार पुत्रांची राख आहे आणि अखेरीस एका राजाने पुत्र मानलेला समुद्र आहे. ‘सागर’ हे केवळ जलाशयाचे नाव नसून ते एका नात्याचे नाव आहे, आणि त्या नात्यात जबाबदारीही येते, हे या धाग्याचे प्रतिपादन आहे.

२/
हे प्रतिपादन एका विशिष्ट किनाऱ्यावर उभे राहून तपासणे योग्य ठरेल. दांडी म्हटले की १९३० चा मिठाचा सत्याग्रह आठवतो. पण ती दांडी गुजरातमधली. येथे अभिप्रेत असलेली दांडी पालघर जिल्ह्यात, बोईसरच्या पश्चिमेला, नवापूर आणि उच्छेळीच्या शेजारी आहे. मासेमारीवर जगणारे हे गाव. उत्तरेला तारापूर, तेथील अणुवीजकेंद्र १९६९ मध्ये सुरू झाले, आणि बोईसरलगत पुढे मोठी औद्योगिक वसाहत उभी राहिली.

३/
या किनाऱ्यावरच्या मांगेला आणि कोळी समाजांच्या बोलण्यात समुद्र हा बहुधा ‘दर्या’ असतो. हा शब्द फारसीतून आला. शिवकालीन आरमारातील ‘दर्यासारंग’ हे पदनाम त्याच शब्दाचे. म्हणजे होडीवरचा शब्द दर्या, आणि पाळण्यातला शब्द सागर. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात आकाश, समीर, सागर अशी निसर्गवाचक नावे मराठी घरांत लोकप्रिय झाली. ती कानाला गोड लागली म्हणून ठेवली गेली; त्यांच्यामागची कथा मात्र पोथीतच राहिली.

४/
ती कथा अयोध्येच्या बाहु नावाच्या राजापासून सुरू होते. (रामायणात त्याचे नाव असित असे येते.) हैहय आणि तालजंघ यांनी त्याचे राज्य हिरावून घेतले आणि तो गर्भवती राणीसह वनात गेला. राणीला पुत्र होऊ नये म्हणून तिच्या सवतीने तिला विष दिले. विष्णुपुराण सांगते, की त्या विषामुळे गर्भ सात वर्षे पोटातच अडकून राहिला. दरम्यान राजा वारला आणि राणी सती जाण्यास निघाली. भार्गव कुळातील और्व ऋषीने तिला थांबवले.

५/
पुढे मूल जन्मले ते विषासह. ‘गर’ म्हणजे विष. स-गर म्हणजे विषासहित. और्वाने त्याचे जातकर्म केले आणि नाव ठेवले सगर. जगात मुलांना बहुधा शुभ नावे देतात. येथे मुलावर झालेला विषप्रयोगच त्याचे नाव झाला. त्याच्याविरुद्ध जे केले गेले ते लपवले गेले नाही. जो वाचला, त्याने ते नाव आयुष्यभर मिरवले.

६/
मोठा झाल्यावर सगराने हैहयांचा पराभव केला. शक, यवन, कांबोज, पारद, पह्लव यांनाही तो संपवणार होता; वसिष्ठाच्या मध्यस्थीने ते वाचले. पुराण हा घडलेल्या घटनांचा अहवाल नव्हे. पण बाहेरून आलेल्या लोकांना आपल्या वंशकथेत कुठे बसवायचे, हा प्रश्न ते रचणाऱ्यांपुढे होता, हे यातून दिसते. शक तर याच किनाऱ्यावर प्रत्यक्ष पोहोचले. क्षत्रप नहपानाचा जावई उषवदात याच्या नाशिक येथील लेखात ज्या नद्यांवर त्याने पुण्यार्थ नावा ठेवल्या त्यांची यादी आहे. तीत ‘डाहनुका’ आहे. तेच आजच्या पालघर जिल्ह्यातले डहाणू.

७/
सगराला दोन राण्या होत्या. त्यांपैकी एक विदर्भाची राजकन्या, हे रामायण आणि महाभारत दोन्ही सांगतात. एका राणीला असमंज नावाचा एकच मुलगा झाला. दुसरीच्या पोटी एक तुंबा आला आणि त्यातून साठ हजार पुत्र निघाले. असमंज क्रूर निघाला. नगरातल्या लोकांची मुले उचलून तो शरयूत फेकत असे आणि ती बुडताना पाहून हसत असे. प्रजेने राजाकडे गाऱ्हाणे नेले. राजाने आपल्या थोरल्या मुलाला, वंशाच्या वारसाला, हद्दपार केले.

८/
या कथेतला हा प्रसंग सहसा झाकला जातो. भगीरथाची तपश्चर्या सर्वांना ठाऊक असते, ‘भगीरथ प्रयत्न’ हा शब्दप्रयोगही रूढ आहे. पण त्या घराण्याची नैतिक कसोटी आधीच लागली होती. पाण्यात दुसऱ्यांची मुले मारली जात होती आणि गुन्हेगार राजाच्या घरचा होता. सगराने घरच्या माणसाची बाजू घेतली नाही.

९/
मग अश्वमेध. यज्ञाचा घोडा इंद्राने पळवला. साठ हजार पुत्रांनी त्याच्या शोधात पृथ्वी खणत नेली आणि पाताळात कपिल मुनीपर्यंत पोहोचले. घोडा तेथेच चरत होता. चोर समजून ते मुनीवर धावले आणि त्याच्या क्रोधाने जळून राख झाले. अखेर असमंजाचा मुलगा अंशुमान नम्रपणे गेला आणि घोडा घेऊन परतला. पितरांच्या उद्धारासाठी गंगा मात्र अंशुमानाच्या नातवाने, भगीरथाने आणली.

१०/
यानंतर महाभारताच्या वनपर्वात आणि विष्णुपुराणात एक छोटी नोंद येते. यज्ञ पूर्ण झाल्यावर सगराने समुद्राला पुत्र मानले. साठ हजार मुले ज्या विवरात गेली, तेच विवर त्याने मुलाच्या जागी धरले. शोकातून केलेले हे दत्तकविधान आहे. गमावलेल्या मुलांची जागा ज्याने घ्यावी, असे त्या राजाला जगात दुसरे काही उरले नव्हते.

११/
व्याकरणही या कथेच्या बाजूने उभे राहते. रघूचा तो राघव, पांडूचे ते पांडव, कुरूंचे ते कौरव, जनकाची ती जानकी. पहिल्या स्वराची वृद्धी झाली की ‘त्याचा, त्याच्या कुळातला’ असा अर्थ येतो. त्याच नियमाने सगराचा तो सागर. म्हणजे ‘राघव’ जसे पितृनाम, तसेच ‘सागर’. नावांच्या पुस्तिकेत ‘राघव’पुढे कोणी ‘एक माणूस’ असा अर्थ लिहीत नाही. ‘रघूच्या कुळातला’ असे लिहितात. ‘सागर’ला मात्र हा न्याय मिळत नाही.

१२/
रामायणात तर खुद्द समुद्र हे नाते विसरलेला नाही. हनुमान लंकेकडे झेप घेतो तेव्हा समुद्राला वाटते, की इक्ष्वाकुकुळातील सगराने आपल्याला वाढवले, तेव्हा त्या कुळासाठी निघालेल्या दूताला साहाय्य केलेच पाहिजे. म्हणून तो मैनाक पर्वताला वर येण्यास सांगतो. येथे समुद्र ऋण मानणारा आप्त आहे. प्रश्न उरतो तो दुसऱ्या बाजूने : माणसे हे नाते मानतात काय?

१३/
समुद्राशी रक्ताचे नाते सांगणारे असेच एक मुलाचे नाव हजारो मैलांवर, ब्रिटनच्या पश्चिमेला वेल्समध्ये आहे : डिलन. ‘मॅबिनोगी’ या मध्ययुगीन वेल्श कथाचक्राच्या चौथ्या शाखेत आरियानरोडच्या पोटी एक मुलगा जन्मतो. राजा माथ त्याचे नाव डिलन ठेवतो. नाव मिळताच मुलगा समुद्राकडे जातो, समुद्राचा स्वभाव धारण करतो आणि माशासारखा पोहू लागतो. त्याच्याखाली कधी लाट फुटली नाही. म्हणून त्याला ‘लाटेचा पुत्र’ असे उपपद मिळाले.

१४/
डिलनचा शेवटही घरच्याच हातून झाला; त्याचा मामा गोवान्नन याच्या घावाने तो मेला. वेल्श लोकश्रुतीत कॉन्वी नदीच्या मुखाशी लाटांचा जो आवाज येतो, तो मरणाऱ्या डिलनचा कण्हणे मानला जातो. पुढे हे नाव शतकानुशतके जवळपास हस्तलिखितांतच होते. एकोणिसाव्या शतकात शार्लट गेस्ट यांनी या कथा इंग्रजीत आणल्या. १९१४ मध्ये स्वान्झीतल्या एका शिक्षकाने आपल्या मुलाला हे नाव दिले. तो मुलगा म्हणजे कवी डिलन थॉमस. नंतर अमेरिकेतल्या रॉबर्ट झिमरमन या तरुण गायकाने ‘डिलन’ हे आडनाव घेतले आणि नाव जगभर गेले.

१५/
दोन्ही नावे शेजारी ठेवली की साम्य दिसते आणि फरकही. दोन्ही पोथीतून पाळण्यात आली. दोन्हींत समुद्र, पुत्र आणि मृत्यू एकत्र आहेत. पण वेल्श कथेत मूल समुद्राचे होते. भारतीय कथेत समुद्र माणसाचा होतो. डिलन घर सोडून लाटांत जातो. सागराला मात्र एक बाप आपल्या घरात घेतो. पहिल्या कथेत समुद्र आश्रय देतो, तर दुसऱ्या कथेत पालकत्व माणसाकडे येते.

१६/
येथे इतिहासाच्या अभ्यासकाने सावध राहिले पाहिजे. ‘सगर’ हा शब्द ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलात अंतरिक्षातील जलाशयाच्या अर्थाने येतो. म्हणजे शब्द जुना आणि विषाची व्युत्पत्ती नंतर जुळवलेली, असे मानण्यास जागा आहे. ‘डिलन’चेही तसेच, भाषाभ्यासक त्याचा संबंध पूर, भरती, प्रवाह या अर्थाच्या वेल्श शब्दांशी लावतात. म्हणून या कथा खोट्या ठरत नाहीत. नावाला कोणता अर्थ असावा असे समाजाला वाटले, याचा तो पुरावा आहे. आणि ‘आपल्या पूर्वजांना प्रदूषण ठाऊक होते’ असला दावाही या कथेतून काढता येत नाही. तो काढू नये.

१७/
तरीही दांडीच्या किनाऱ्यावर ही व्युत्पत्ती निव्वळ पोथीतली राहत नाही. तारापूर औद्योगिक वसाहतीचे सांडपाणी नवापूरच्या बाजूने समुद्रात जाते. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या २०१८ च्या निर्देशांकात देशातील औद्योगिक क्षेत्रांमध्ये तारापूर सर्वांत प्रदूषित ठरले. २०१६ मध्ये अखिल भारतीय मांगेला समाज परिषदेने राष्ट्रीय हरित लवादाकडे दाद मागितली. जानेवारी २०२२ च्या निकालात लवादाने सामाईक सांडपाणी प्रक्रिया केंद्र आणि शंभराहून अधिक उद्योगांवर पर्यावरणीय भरपाईची जबाबदारी टाकली. स-गर या शब्दाचा अर्थ सांगायला येथे संस्कृत कोशाची गरज उरत नाही.

१८/
या प्रकरणात गाऱ्हाणे कोणी नेले, हे लक्षात घ्यावे. शरयूच्या काठी प्रजेने नेले होते. येथे मच्छीमारांनी नेले. आणि गुन्हा करणारा घरचा, कमावता, वारस असला तरी काय करायचे, याचे उत्तर कथेने दिलेले आहे. उद्योग हे राज्याचे लाडके अपत्य असते. ते रोजगार देते, दांडीच्या आसपासच्या घरांनाही देते. म्हणून ते हद्दपार करावे, असा याचा अर्थ नव्हे. पण लाडके अपत्य म्हणून त्याने पाण्यात काय टाकले हे पाहायचेच नाही, ही सवलत सगराने स्वतःच्या मुलालाही दिली नव्हती.

१९/
यावर आक्षेप येईल, की नाव ठेवणारे आईबाप एवढा विचार करत नाहीत आणि करण्याची गरजही नाही. खरे आहे. नावाचा पहिला हक्क ते हाक मारणाऱ्यांचा असतो, व्युत्पत्ती सांगणाऱ्यांचा नव्हे. दुसरा आक्षेप असा, की जुन्या कथेला आजचा प्रश्न चिकटवणे म्हणजे कथेवर अन्याय. पण कथा जिवंत राहिल्या त्या अशाच प्रत्येक पिढीने आपला प्रश्न घेऊन त्यांच्याकडे जाण्यामुळे. अट एकच : कथेत जे आहे तेच वाचावे, जे नाही ते तिच्या तोंडी घालू नये.

२०/
आणि कथेत जे आहे ते स्पष्ट आहे. विषातून वाचलेला एक मुलगा राजा झाला. त्याने दुसऱ्यांची मुले बुडवणाऱ्या स्वतःच्या मुलाला क्षमा केली नाही, आणि आपली मुले गेली तेव्हा समुद्राला पुत्र म्हटले. नारळी पौर्णिमेला दांडीचे मच्छीमार दर्याला नारळ वाहतात तेव्हा ते त्याला देव मानतात. देवाची पूजा करता येते. मुलाची मात्र काळजी घ्यावी लागते. ‘सागर’ हे नाव या दुसऱ्या नात्याचे आहे. नावांच्या पुस्तिकेतली नोंद सुधारायचीच असेल, तर ती अशी व्हावी : सागर, म्हणजे सगराचा; ज्याला विषापासून जपायचे तो.