कुळ कळण्याचा अधिकार

चैत्रात कार्ल्याच्या डोंगरावर एकवीरा आईची यात्रा भरते. कोकण किनाऱ्यावरच्या कोळीवाड्यांतून पालख्या येतात. कोळी, आगरी, कायस्थ प्रभू कुटुंबे नव्या सुनेला आणि तान्ह्या बाळाला घेऊन पायऱ्या चढतात. मंदिरालगतच्या लेण्यातही दोन हजार वर्षांपूर्वीच्या दात्यांनी आपले नाव आणि गाव खांबांवर कोरून ठेवले आहे. आपण कोण, कुठले, हे सांगण्याची आणि जाणण्याची ओढ या मावळभूमीत इतकी जुनी आहे. मग ज्याच्यापासून त्याचे मूळच दडवले गेले, त्याने काय करावे?

डीअन बोर्शे लीम या माहितीपटकर्तीच्या आयुष्याने हाच प्रश्न विचारला. १९६६ मध्ये आठ वर्षांची ही कोरियन मुलगी कॅलिफोर्नियातील एका कुटुंबात पोहोचली. कागदावर नाव होते चा जुंग ही आणि शेरा होता अनाथ. दोन्ही खोटे! तिचे नाव कांग ओक जिन होते आणि तिची आई हयात होती. अनाथालयाने दुसऱ्या मुलीच्या जागी तिला धाडले होते. आपली ही कहाणी तिने २००० आणि २०१० मधील दोन माहितीपटांतून मांडली. कोरियन युद्धानंतर लाखाहून अधिक मुले अशी परदेशी गेली. त्यांतील अनेकांची कागदपत्रे बनावट होती, असे तेथील सत्यशोधन आयोगाने मार्च २०२५ मध्ये नमूद केले आणि सरकारलाच जबाबदार धरले.

हे दूरदेशीचे दुःख म्हणून सोडून देता येणार नाही. १९७३ मध्ये जन्मलेले अरुण डोहले पुण्यातून दत्तक जाऊन जर्मनीत वाढले. आपल्या जन्माची कागदपत्रे पाहण्यासाठी त्यांना मुंबई उच्च न्यायालय आणि सर्वोच्च न्यायालय यांच्या पायऱ्या झिजवाव्या लागल्या. अखेर आई भेटली; पण तोवर तारुण्याची ऐन वर्षे त्या शोधात सरली होती.

'दत्तक म्हटले की गुप्तता आलीच' असे मानणाऱ्यांनी आपल्या परंपरेकडे जरा डोळसपणे पाहावे. शास्त्रोक्त दत्तविधान आप्तेष्टांच्या साक्षीने होत असे. जन्मदाते मूल आपल्या हाताने देत, घेणारे ते हातांत घेत. १९५६ च्या हिंदू दत्तक कायद्यानेही प्रत्यक्ष देणे-घेणे आवश्यक मानले. दत्तकाचा हक्क डलहौसीने सातारा आणि झाशी येथे नाकारला, तेव्हा हा समाज पेटून उठला. मित्राला दिलेल्या शब्दाखातर लोकमान्यांनी ताईमहाराज प्रकरण प्रिव्ही कौन्सिलपर्यंत लढवले आणि १९१५ मध्ये जिंकले. श्रीकृष्णाला यशोदा होती आणि देवकीही होती. एकीमुळे दुसरी उणी ठरली नाही. उलट, ज्याचे जन्मरहस्य युद्धाच्या तोंडावर उघड झाले, त्या कर्णाची शोकांतिका घराघरांत ठाऊक आहे.

मग आजची लपवाछपवी आली कोठून? कुमारी मातेला आधार देण्याऐवजी तिला तोंड लपवायला लावणाऱ्या लोकलज्जेतून, आणि 'रक्ताचे ते आपले' या हट्टातून. हा दोष इंग्रजांच्या माथी मारता येत नाही. तो समाजाचा स्वतःचा आहे. मुलाचा रंग पाहून नकार देणारी सुशिक्षित कुटुंबेही त्यात आली.

१९८४ मध्ये लक्ष्मीकांत पांडे खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने परदेशी दत्तकावर निर्बंध घातले आणि मुलाला आधी देशातच घर शोधावे, असे बजावले. मूल सोपवणाऱ्या मातेला फेरविचारासाठी दोन महिने देण्याची तरतूद २०१५ च्या कायद्यात आहे. सज्ञान दत्तकाला मूळ शोधण्याची वाटही नियमांनी खुली केली आहे. जन्मदात्रीची गोपनीयता जपण्याचे बंधन त्यात आहे, आणि ते योग्यच आहे. कारण तिचे दुःखही खरे आहे. परंतु कागद खरा असेल, तरच ही वाट कोठे तरी पोहोचते.

कायद्याच्या पलीकडचे काम कुटुंबांचे आणि कार्यकर्त्यांचे आहे. दत्तक घेतलेल्या बाळाला कळत्या वयाआधीच, मायेने, सत्य सांगावे. वस्तीतील अडलेल्या मातेच्या पाठीशी उभे राहावे, म्हणजे केवळ लोकलज्जेपायी मूल सोडण्याची वेळ तिच्यावर येणार नाही. आणि एकवीरेच्या पायऱ्या चढताना दत्तक लेकराने 'माझी पहिली आई कुठे आहे?' असे विचारले, तर पालकांनी नजर चुकवू नये. तो प्रश्न कृतघ्नतेचा नाही. ज्या घरात तो निर्धास्तपणे विचारता येतो, तेच त्याचे खरे घर.