सदतीस दिवसांची लूट

२७ जून १९७३. टेक्सासमधल्या अर्लिंग्टनच्या बेसबॉल मैदानाबाहेर मोटारींची रांग एवढी लांबली की सामनाच उशिरा सुरू करावा लागला. आत ३५ हजारांवर माणसे दाटीवाटीने बसली होती. हे मैदान याआधी कधी असे भरलेच नव्हते. साऱ्यांचे डोळे मधल्या मातीच्या उंचवट्यावर होते. तिथे अठरा वर्षांचा डावखुरा पिचर डेव्हिड क्लाइड उभा होता. ह्यूस्टनच्या शाळेकडून शेवटचा सामना खेळून त्याला जेमतेम वीस दिवस झाले होते. पहिल्या दोन फलंदाजांना भरकटलेले चेंडू टाकून त्याने फुकटचा बेस दिला आणि पुढच्या तिघांना ओळीने स्ट्राइकआउट केले. पाच डाव, आठ स्ट्राइकआउट, संघाचा विजय. मैदान दुमदुमले.

त्याच रात्री त्या पोराचे वाटोळे सुरू झाले, असे आम्ही स्पष्ट म्हणतो.

मालक बॉब शॉर्ट यांचा टेक्सास रेंजर्स संघ हरत होता आणि खुर्च्या रिकाम्या राहत होत्या. घरच्या मैदानावर दोन सामने खेळवून क्लाइडला कनिष्ठ लीगमध्ये शिकायला धाडायचे, असे ठरले होते. पण त्याच्या नावावर तिकिटे खपतात हे दिसले आणि तो वरच राहिला. कोवळा खांदा, घडत असलेले मन, समोर कसलेले फलंदाज. त्या मोसमात चार विजय, आठ पराभव. पुढे खांद्यावर शस्त्रक्रिया झाली. मग क्लीव्हलंडकडून दोन मोसम, आणि १९७९ नंतर वरच्या लीगचे दार कायमचे बंद. पंचविसावे वर्षही पुरे झाले नव्हते! एकूण १८ विजय, ३३ पराभव. पुढची कित्येक वर्षे त्याने लाकडाच्या व्यवसायात काढली.

कोणी म्हणेल, करारावर सही त्यानेच केली, पैसेही घेतले. घेतले! अठराव्या वर्षी कोण नाही म्हणेल? नाही म्हणण्याची जबाबदारी मोठ्यांची होती, आणि त्या मोठ्यांची नजर गल्ल्यावर होती.

पण खरा अन्याय पुढेच आहे. त्या काळी पेन्शनसाठी वरच्या लीगमध्ये चार वर्षांची सेवा लागे. क्लाइडला सदतीस दिवस कमी पडले. आणि खेळाडूला वर ठेवायचे की खाली धाडायचे, हे ठरवत कोण होते? संघाचे मालकच! १९८० साली मालक आणि खेळाडूंची संघटना यांनी नियम बदलला. त्रेचाळीस दिवस खेळलेल्यालाही पेन्शनचा हक्क मिळाला. चांगलेच झाले. मात्र आधीच निवृत्त झालेल्यांना त्यातून वगळले. म्हणजे नव्या नियमाला लागतात त्याच्या जवळजवळ पंधरापट दिवस राबलेला क्लाइड बाहेर, आणि त्याच्यासारखे शेकडो जण त्याच्या रांगेत. हा कसला न्याय?

२०११ साली मालकांना थोडा पाझर फुटला. दर त्रेचाळीस दिवसांच्या सेवेमागे वर्षाला ६२५ डॉलर, फार तर दहा हजार, असे तेव्हा ठरले. पण ही पेन्शन नव्हे. खेळाडूने डोळे मिटले की ती थांबते, त्याच्या विधवेच्या हाती काहीच पडत नाही. वर्षाला अब्जावधी डॉलर कमावणारा हा धंदा म्हाताऱ्या माणसांच्या हातावर खिरापत ठेवतो आणि तिलाच कर्तव्य म्हणतो! खेळाडूंच्या संघटनेलाही आम्ही सोडणार नाही. दुबळ्यांना एकजुटीचे बळ देण्यासाठी जिचा जन्म, तिनेच आपल्या जुन्या सोबत्यांना वाऱ्यावर सोडावे?

हे खेळाडू आता सत्तरी-ऐंशीत आहेत. दरवर्षी त्यांतले काही जण जातात आणि दावेदार आपोआप कमी होतात. आमची मागणी सरळ आहे. मालक आणि खेळाडूंच्या संघटनेतल्या पुढच्या कराराचे पहिले कलम हेच असू द्या: १९८० पूर्वी त्रेचाळीस दिवस खेळलेल्या प्रत्येकाला पूर्ण पेन्शन, त्याच्या मागे त्याच्या पत्नीला, आणि तीही मागल्या थकबाकीसह.