थट्टेची तक्रार

कार्यालयातील थट्टामस्करी कामाचा शीण हलका करते हे खरे असले, तरी चहाच्या टेबलावर किंवा कार्यालयाच्या व्हॉट्सॲप गटात एकाच व्यक्तीचा वर्ण, बोली वा पेहराव वारंवार हशाचा विषय होऊ लागला, की तिच्या तक्रारीची ‘गंमत होती, मनावर घेऊ नये’ एवढ्यावर वासलात लावता येत नाही. थट्टा लैंगिक स्वरूपाची असेल, तर प्रश्न कायद्याचाही होतो: सर्वोच्च न्यायालयाने कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाविषयीच्या १९९७च्या विशाखा निकालात लैंगिक स्वरूपाच्या शेरेबाजीचा लैंगिक छळाच्या व्याख्येत समावेश केला व अशा छळाविरुद्धच्या २०१३च्या कायद्याने ती व्याख्या कायम ठेवली. वर्तन समोरच्या स्त्रीला नकोसे होते का, हा तिचा गाभा असल्याने गमतीच्या हेतूचा बचाव पुरेसा ठरत नाही. अशा तक्रारींसाठी १० किंवा अधिक कर्मचाऱ्यांच्या आस्थापनेत अंतर्गत समिती, म्हणजे ज्येष्ठ महिला कर्मचाऱ्याच्या अध्यक्षतेखालील आणि बाहेरील सदस्य असलेली चौकशी यंत्रणा, बंधनकारक आहे. इतर टिंगलीबाबत मात्र व्यवस्थापनानेच नेमके शब्द व प्रसंग नोंदवून, दोन्ही बाजू ऐकून, चूक एकदाची की सवयीची हे पारखून समज, माफी किंवा शिस्तभंगाची कारवाई ठरवावी. कारण तक्रारदारालाच ‘विनोदबुद्धी नाही’ म्हणून हिणवणारे कार्यालय पुढच्या तक्रारीची वाटच बंद करते.