फेरफाराची रखडपट्टी आणि न्यायालयाचे दार

जमीन वारसाने मिळो वा खरेदीखताने, सातबारावर नाव लागेपर्यंत तिचा हक्क व्यवहारात लुळाच राहतो. पीककर्ज आणि भूसंपादनाचा मोबदला यांच्या वाटा त्या एका उताऱ्यावरून जातात. फेरफाराच्या नोंदीने मालकी निर्माण होत नाही आणि नष्टही होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९६ साली स्पष्ट केले. कायद्याच्या दृष्टीने ते बिनचूक आहे. परंतु सोसायटीच्या सचिवापुढे कर्जासाठी उभ्या असलेल्या विधवेला त्याचा आधार कितीसा?

१९६६ च्या महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियमात कार्यपद्धती स्वच्छ सांगितली आहे. कलम १४९ अन्वये हक्क मिळवणाऱ्याने तीन महिन्यांत तलाठ्यास वर्दी द्यावी आणि तलाठ्याने तत्काळ लेखी पोच द्यावी. कलम १५० अन्वये नोंदीची प्रत चावडीवर लागते, हितसंबंधितांना सूचना जाते आणि हरकत आल्यास प्रकरण विवादग्रस्त प्रकरणांच्या नोंदवहीत चढते. ते शक्यतो एका वर्षात निकालात काढावे, असे कायदा म्हणतो. या 'शक्यतो'च्या आडोशाला सारी दिरंगाई सुखाने नांदते.

हा विलंब तटस्थ नसतो. विरुद्ध सिद्ध होईपर्यंत प्रमाणित नोंद खरी मानावी, असे कलम १५७ सांगते. म्हणजे रखडलेला प्रत्येक महिना जुन्या नोंदीवाल्याच्या पदरात पडतो. २००५ च्या दुरुस्तीने हिंदू वारसा कायद्यात मुलगी जन्मतः सहदायाद झाली. पण बहिणीची नोंद अडवून ठेवणाऱ्या भावाला कायदा मोडावा लागत नाही, कचेरीतली स्वस्थता त्याला पुरते.

मग न्यायालयाचे काय? नोंद करावी वा दुरुस्त करावी म्हणून शासनाविरुद्ध दिवाणी दावा लावण्यास कलम १५८ ने मनाई केली आहे. उरतो तो संविधानाच्या अनुच्छेद २२६ खालील महादेश. तेथेही न्यायालय सहसा स्वतः नोंद करून देत नाही. अमुक आठवड्यांत निर्णय घ्या, एवढेच अधिकाऱ्यास बजावते. आदेश पाळला नाही तर एक वर्षाच्या आत अवमान याचिका. निर्णय विरुद्ध गेला तर कलम २४७ चे अपील. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाल्याने सहा जिल्ह्यांचे अंतर घटले, वकिलाचा खर्च घटला नाही. दोन एकरांच्या धन्याला हा उपाय परवडत नाही, हे त्याला अडवणारा जाणून असतो.

२००५ च्या राज्य कायद्याने कर्मचाऱ्याकडे फाईल सात कामकाजाच्या दिवसांहून अधिक राहू नये असे ठरवले. पण शिस्तभंगाची कारवाई वरिष्ठांच्या हाती, आणि नाडलेल्याला भरपाई काहीच नाही. १९९३ साली लखनौ विकास प्राधिकरणाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तत्त्व सांगितले होते की, छळाची भरपाई प्रथम सार्वजनिक निधीतून द्यावी व नंतर ती जबाबदार अधिकाऱ्यांकडून वसूल करावी. ग्राहक कायद्याखाली मान्य झालेले हे तत्त्व महसूल कायद्यात का आणू नये?

मात्र घाईचाही धोका ओळखला पाहिजे. मुदत संपताच नोंद आपोआप मंजूर, अशी मागणी आकर्षक वाटते; तिचा पहिला बळी सूचना न मिळालेली बहीण किंवा कूळच ठरेल. म्हणून सूचना आणि सुनावणी यांना हात न लावता 'शक्यतो' हा शब्द वगळावा, आणि मुदत उलटल्यास लेखी कारण व भरपाई बंधनकारक करावी, हीच मागणी योग्य आहे.

कायदा बदलेल तेव्हा बदलेल. तोवर कार्यकर्त्यांनी गावोगाव एवढे तरी पाहावे की, वर्दी तोंडी राहणार नाही आणि पोच घेतल्यावाचून कोणी चावडीतून परतणार नाही. तारखेचा तो कागद हातात नसेल, तर उच्च न्यायालयात विलंब मोजायचा तरी कशावरून?